पॅरिश क्वायरसाठी नवी गाणी कशी निवडावीत?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वडोदऱ्यातल्या एका कॅथलिक पॅरिशच्या, म्हणजे स्थानिक चर्चच्या, क्वायरची (गायकवृंदाची) जबाबदारी नुकतीच तुमच्यावर आली आहे. रविवारी सकाळी इंग्रजी मिस्सा (चर्चमधली मुख्य उपासना) असते आणि वर्षातून काही वेळा मराठी कुटुंबांसाठी मराठी मिस्सा. गाणारे बारा-पंधरा, त्यात पुरुष तीन. स्टाफ नोटेशन, म्हणजे पाच रेषांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी, वाचता येणारे मोजकेच. एक कीबोर्ड, एक गिटार. तरुण मुलं टिकावीत म्हणून आजच्या ढंगाची गाणी यावीत असं फादरांना वाटतं, आणि ज्येष्ठ मंडळी म्हणतात, जुन्याला हात लावू नका. परदेशी प्रकाशकांच्या याद्या पाहून डोकं गरगरतंय, पैसे बेताचेच आहेत, तर कोणतं शीट म्युझिक विकत घ्यावं?

मी वडोदऱ्यातच बरीच वर्षं क्वायर घेते आहे, त्यामुळे या शहराला धरूनच उत्तर देते. नवं-जुनं हा वाद तूर्त बाजूला ठेवा. जुन्या हिम्सच्या पुस्तकांतही लोकांच्या तोंडी कधीच न बसलेली गाणी आहेत, आणि अलीकडे लिहिलेली काही गाणी लोक पहिल्याच रविवारी उचलतात. तुम्हाला दोन गोष्टी पाहायच्या आहेत. बाकांवर बसलेली माणसं हे गाणं गातील का? आणि मिस्सेत ज्या जागी ते घालायचं, त्या जागेचं काम ते करील का? याद्या चाळताना आपण बहुतेक जण आधी रेकॉर्डिंग ऐकतो आणि तिथेच मनाने गाणं घेऊन टाकतो. पण रेकॉर्डिंगमध्ये कसलेला गायक असतो, तंतुवाद्यं असतात, स्टुडिओतला घुमार असतो. त्या साजात कुठलीही चाल खुलून दिसते. आपल्याकडे तो साज नाही. म्हणून आधी कागद वाचावा आणि रेकॉर्डिंग सगळ्यात शेवटी ऐकावं, असं मी क्वायरमधल्या प्रत्येकाला सांगते.

कागद म्हणजे नेमका कोणता, हेही पाहायला हवं. शिकागोचं जीआयए किंवा पोर्टलंडचं ओसीपी यांच्यासारख्या कॅथलिक संगीत प्रकाशकांकडे एकाच गाण्याच्या तीन-चार आवृत्त्या असतात. भाविकांच्या आवृत्तीत फक्त चाल आणि शब्द. लीड शीटमध्ये त्यावर गिटारचे कॉर्ड. कीबोर्डच्या आवृत्तीत पूर्ण संगत. आणि क्वायरच्या आवृत्तीत सोप्रानो, आल्टो (बायकांचे उंच आणि खालचे), टेनर, बास (पुरुषांचे उंच आणि खालचे) असे चारही आवाज, वर कधीकधी डिस्कँट, म्हणजे चालीच्याही वर फिरणारी जादा ओळ. विकत घेण्याआधी एखाद-दुसरं पान नमुन्यादाखल पाहायला मिळतं. तेवढं पान पुरतं. त्यात भाविकांची ओळ कोणती ते शोधा आणि पहिल्यांदा फक्त तीच वाचा.

त्या ओळीत मी सर्वांत आधी खालचा आणि वरचा सूर शोधते. सकाळी सातच्या मिस्सेला लोकांचे गळे उघडलेले नसतात. खालचा ए ते वरचा डी एवढ्या टापूत चाल राहिली तर बहुतेक जण गातात. वरचा ई एखाद्या वेळी, शिखरावर, क्षणभर आला तर निभावतं. तो पुन्हापुन्हा आला किंवा त्यावर लांब ठहराव असला, की तिसऱ्या-चौथ्या बाकावरच्या बायका गप्प होतात आणि पुरुष त्याआधीच गप्प झालेले असतात. आजच्या ढंगाच्या पुष्कळ गाण्यांचा साचा असा असतो: कडवं अगदी खाली, बोलल्यासारखं, मग धृपद एकदम आठ-नऊ सूर वर, मग ‘ब्रिज’ नावाचा तिसरा भाग त्याहूनही वर. एका गायकाच्या गळ्यासाठी ही रचना उत्तम असते. लोकांसाठी मात्र यातून पट्टी बदलूनही सुटका होत नाही, कारण पट्टी खाली आणली की कडवं ऐकूच येत नाही. अशा वेळी एक तोडगा आहे: कडवी एकट्या गायिकेने म्हणायची, लोकांनी फक्त धृपद म्हणायचं, आणि पट्टी धृपदाच्या सोयीने ठरवायची. धृपद लोकांच्या टापूत बसत नसेल, तर ते गाणं कितीही आवडलं तरी मी सोडून देते.

दुसरी तपासणी तालाची. सबंध ओळ कीबोर्ड बंद ठेवून, फक्त मांडीवर ताल धरून म्हणून पाहा. शब्द जर पुन्हापुन्हा मात्रेच्या आधी किंवा मात्रा उलटून गेल्यावर पडत असतील, तर ड्रमशिवाय ते गाणं उभं राहत नाही. आणखी एक खूण म्हणजे पहिल्या आणि दुसऱ्या कडव्याची तुलना. दुसऱ्या कडव्यात अक्षरं वाढली म्हणून सुरांची मांडणी बदलली असेल, तर क्वायरला ती पाठ होते, लोकांना कधीच होत नाही. इथे वडोदऱ्याची एक जमेची बाजू सांगते. गरब्याची हींच, म्हणजे त्याचा सहा मात्रांचा ताल, इथल्या माणसांच्या अंगात मुरलेली आहे, मग ती माणसं घरी गुजराती बोलोत, मराठी, कोकणी की मल्याळम. सहा मात्रांच्या झोक्यातलं गाणं आमच्याकडे दोन रविवारांत लोकांचं होतं. याद्यांमध्ये सिक्स-एट किंवा थ्री-फोर तालाची गाणी दिसली तर ती आधी तपासा.

आता मिस्सेतल्या जागा. ‘नवं गाणं घ्यायचंय’ असं म्हणून यादी उघडली तर हाती फार भावगीतं लागतात आणि गरजेचं काहीच नाही. त्याऐवजी जागेपासून सुरुवात करा. सगळ्यात आधी मिस्सेचे स्थिर भाग: प्रभू दया कर, ग्लोरिया, आल्लेलूया, ‘पवित्र, पवित्र’, महान आमेन, देवाचं कोकरू. हे प्रत्येक रविवारी लागतात आणि ते लोकांचे आहेत. यांचे शब्द मिस्सा ग्रंथात ठरलेले आहेत. त्यांच्या जागी तशाच आशयाचं दुसरं गाणं चालत नाही. पहिली खरेदी करायची तर एका चांगल्या मास सेटिंगची, म्हणजे या सगळ्या भागांना एकत्र बांधलेल्या चालींच्या संचाची, करा आणि ते निदान एक पूर्ण उपासनाकाळ बदलू नका. दर महिन्याला नवं ‘होली’ (‘पवित्र, पवित्र’चं इंग्रजी रूप) आलं की लोक गाणं सोडून ऐकू लागतात, आणि मग त्यांना परत गायला लावणं फार अवघड जातं.

इथे एक तपासणी अगदी डोळ्यांत तेल घालून करा. इंग्रजी मिस्सेचा नवा अनुवाद २०११ मध्ये आला आणि ग्लोरिया, ‘होली’ यांचे शब्द बदलले. त्याआधीची सेटिंग्ज अजूनही व्हॉट्सअॅपवर आणि जुन्या फायलींमध्ये फिरत असतात. ‘होली’मध्ये ‘गॉड ऑफ पॉवर अँड माइट’ छापलेलं दिसलं, की तो कागद जुना. ‘लॉर्ड गॉड ऑफ होस्ट्स’ असेल तर पुढे वाचा. प्रकाशकांनी बऱ्याच जुन्या सेटिंग्जच्या सुधारित आवृत्त्या काढल्या आहेत, त्यामुळे नाव ओळखीचं आहे म्हणून खात्री न करता घेऊ नका.

प्रतिसाद स्तोत्राच्या, म्हणजे वाचनांच्या मध्ये म्हणायच्या आणि लोकांनी एक ओळ परत म्हणायच्या बायबलमधल्या स्तोत्राच्या, बाबतीत अमेरिकी संग्रह घेण्याआधी थांबा. स्तोत्राच्या जागी भक्तिगीत म्हणायचं नसतं, हे तुम्हाला माहीत असेलच. अडचण दुसरीच आहे. अमेरिकेतला वाचनग्रंथ (मिस्सेत वाचायच्या बायबलमधल्या उताऱ्यांचं पुस्तक) न्यू अमेरिकन बायबलवर आधारलेला आहे, आणि आपल्याकडच्या इंग्रजी मिस्सेसाठी २०२० पासून इंग्लिश स्टँडर्ड व्हर्जनच्या कॅथलिक आवृत्तीवर आधारलेला वाचनग्रंथ आला. साहजिकच तिकडच्या संग्रहातले प्रतिसादाचे शब्द आपल्या वाचनग्रंथाशी जुळतीलच असं नाही. मी यासाठी पैसे खर्चच करत नाही. एक साधा स्तोत्रस्वर घ्यायचा, म्हणजे ठरलेल्या सुरावर ओळ म्हणायची आणि शेवटच्या दोन-तीन अक्षरांवर वळण घ्यायचं. कोणतंही स्तोत्र त्यात बसतं. जोसेफ जेलिनो या फ्रेंच येशूसंघीय (जेझुइट) धर्मगुरूंनी विसाव्या शतकाच्या मध्याला लोकभाषेतल्या स्तोत्रांसाठी जी पद्धत घडवली, तिचा थोडा अभ्यास करा. कडव्यांची लय शब्दांच्या आघातांवर कशी चालवावी ते त्यातून कळतं. प्रतिसादाची एक ओळ चार-पाच सुरांत तुम्ही स्वतः बांधू शकाल.

कम्युनियनच्या, म्हणजे लोक ख्रिस्तप्रसाद घेतात त्या वेळच्या, गाण्याची अट वेगळी. लोक हात जोडून रांगेत चालत असतात, हातात पुस्तक नसतं. तेव्हा इथे पाठ होणारं छोटं धृपद आणि क्वायरने म्हणायची कडवी हीच रचना हवी. फ्रान्समधल्या तेझे इथल्या मठासाठी झाक बेर्तिए यांनी (१९२३–१९९४) लिहिलेली पुनरावर्ती छोटी गाणी यासाठीच जगभर चालतात. तुमच्यासारख्या लहान क्वायरला ती वरदान आहेत: लोक एकच ओळ म्हणत राहतात आणि वर एक आवाज किंवा एखादी बासरी फिरत राहते. चार आवाजांचं, मेहनतीचं गाणं म्हणायची हौस असेल तर अर्पणविधीची वेळ त्यासाठी आहे. त्या वेळी एकट्या क्वायरने गायलं तरी कुणाचं काही हिरावलं जात नाही. आणि मुलांना गिटार मोकळेपणी वाजवायची असेल तर निरोपाचं गाणं त्यांच्या हाती द्या. शेवटच्या गाण्याचा मिस्सा ग्रंथाच्या सूचनांमध्ये उल्लेखही नाही, त्यामुळे तिथे मोकळीक सगळ्यात जास्त.

प्रायश्चित्तकाळाचा (ईस्टरआधीच्या लेंटचा) विचार खरेदीच्या वेळीच करा. त्या काळात ग्लोरिया नाही, आल्लेलूया नाही, आणि वाद्यं केवळ गाण्याला आधार म्हणून. मोठ्या सणांना ग्लोरिया आणि वाद्यं चालतात, ‘लेतारे’ या मधल्या रविवारी वाद्यं चालतात; आल्लेलूया मात्र कधीच नाही. ज्या गाण्याचा सगळा जीव कीबोर्डच्या सुरुवातीच्या तुकड्यात आहे, ते या सहा आठवड्यांत उघडं पडतं. आल्लेलूयाऐवजी म्हणायचा शुभवर्तमानापूर्वीचा जयघोष तुमच्या सेटिंगमध्ये आहे का, तेही बघून घ्या.

मजकुराबद्दल मी फार आग्रही आहे, कारण लोक प्रवचन विसरतात आणि गाण्यातली ओळ आठवडाभर घोळवतात. श्रद्धा बऱ्याच अंशी तिथूनच घडते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या ४ डिसेंबर १९६३ च्या उपासनाविषयक संविधानात म्हटलं आहे की गीतांचे शब्द कॅथलिक शिकवणुकीशी सुसंगत असावेत आणि मुख्यतः पवित्र शास्त्र व उपासना यांतून घेतलेले असावेत. त्याच परिच्छेदात संगीतकारांना असंही सांगितलं आहे की केवळ मोठ्या क्वायरसाठी नाही, तर लहान क्वायरसाठी आणि सगळ्या भाविकांच्या सहभागासाठीही लिहा. तुमच्या बारा-पंधरा जणांची काळजी तिथे केलेली आहे. प्रत्यक्षात मी असं करते: चाल विसरून शब्द प्रार्थनेसारखे मोठ्याने वाचते. सबंध गाण्यात ‘मी, मला, माझं’ एवढंच आहे का? देवाचं, ख्रिस्ताचं नाव कुठे येतं का? कम्युनियनच्या गाण्यात फक्त भाकर आणि द्राक्षारस आहे, की ख्रिस्ताचं शरीर आणि रक्त आहे? अमेरिकेतल्या बिशपांच्या धर्मतत्त्व समितीने २०२० मध्ये गीतांचे शब्द कसे पारखावेत यावर एक टिपण काढलं, त्यात नेमका हाच मुद्दा आहे. आणि २००८ साली रोमहून पत्र आलं की देवाचं चार अक्षरी हिब्रू नाव, म्हणजे ‘याहवे’, उपासनेतल्या गाण्यांत उच्चारू नये. त्याआधीची काही लोकप्रिय गाणी अजून त्या नावासह फिरतात. घेतलीत तर सुधारित आवृत्ती घ्या.

आता क्वायरची ताकद. तीन पुरुषांवर टेनर आणि बास असे दोन आवाज लादू नका. यादीत सोप्रानो, आल्टो आणि एकच पुरुष-आवाज अशा तीन आवाजांच्या मांडण्या मिळतात. दोन आवाजांच्याही मिळतात. त्या घ्या. दोन आवाज सुरात लागले तर लोकांना आधार मिळतो. चार आवाज डळमळले तर लोकांची मूळ चालही हरवते. नोटेशन न वाचणाऱ्यांसाठी मी त्यांच्या ओळीवर पेन्सिलने सा रे ग म लिहून देते. वडोदऱ्यात हे सहज चालतं, कारण इथे सरगम येणारी माणसं घरोघर सापडतात. सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने मौलाबक्षांनी १८८६ मध्ये इथे गायनशाळा काढली, त्यांनी स्वतःची स्वरलेखन पद्धतही बसवली होती, आणि ती परंपरा आज महाराजा सयाजीराव विद्यापीठात नांदते आहे. तिथे शिकणारी एखादी मुलगी तुमच्या पॅरिशमध्ये असेल तर तिला गाठाच. सा कुठे धरायचा ते मात्र प्रत्येक गाण्याला ठळक लिहा, नाहीतर हार्मोनियमवर शिकलेला माणूस काळी एकवरच सा धरून बसतो.

कीबोर्डवाल्याला संगतीची पूर्ण आवृत्ती हवी की लीड शीट पुरेल, हे त्यालाच विचारा. कॉर्डवर वाजवणाऱ्याला सहा पानांची संगत देऊन उपयोग नाही. शिवाय उन्हाळ्यात वरचा पंखा चालूच असतो, पानं उडतात, आणि उलटायला मोकळा हात नसतो. दोन पानांत मावणारं गाणं असेल तर ते पुठ्ठ्यावर चिकटवून कपड्यांचे चिमटे लावता येतात. किरकोळ वाटेल, पण पान उडालं की लोकांचं गाणं मध्येच थांबतं.

किती गाणी घ्यावीत? हे तुमच्या लोकांवर आणि सरावाच्या संध्याकाळींवर अवलंबून आहे. नवरात्रात कुणी सरावाला येत नाही, फेब्रुवारी-मार्चमध्ये परीक्षा असतात, मे महिन्यात अर्धी क्वायर गोव्याला, केरळला, वसईला जाते. हे सगळं वजा केलं तर वर्षात एक मास सेटिंग आणि पाच-सहा नवी गाणी नीट रुजतात. नवं गाणं आणताना आधी दोन रविवार कीबोर्डवर नुसती चाल वाजवा, मग एकदा क्वायर एकटी गाऊ दे, मग मिस्सेआधी दोन मिनिटं लोकांना धृपद शिकवा. पुढचे तीन-चार रविवार तेच गाणं ठेवा. क्वायर कंटाळते तेव्हा लोक नुकते शिकत असतात.

पैशांबद्दल आणि झेरॉक्सबद्दल स्पष्ट बोलते. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ खाली खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत गाणं सादर करायला मुभा आहे. म्हणजे मिस्सेत गायला परवानगी लागत नाही. पण ही मुभा गाण्याची आहे, पानांच्या प्रती काढण्याची नाही. पीडीएफ विकत घेताना किती प्रतींसाठी घेता ते लिहिलेलं असतं. पंधरा गायक असतील तर पंधरा प्रतींचे पैसे भरा. लोकांच्या पुस्तिकेत शब्द छापायचे असतील किंवा मिस्सा यूट्यूबवर दाखवायची असेल तर त्याची परवानगी वेगळी. ज्याने ते गाणं लिहिलं तो बहुधा आपल्यासारखाच एखाद्या पॅरिशमध्ये राबणारा माणूस असतो, त्याच्या मोलाचा मान चर्चमध्ये तरी राखला जावा. पैसे कमी असतील तर हक्कमुक्त संगीताकडे वळा. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी हक्क संपतो, आणि कोरल पब्लिक डोमेन लायब्ररीच्या संकेतस्थळावर क्वायरचं प्रचंड साहित्य मोफत आहे. १९७४ मध्ये पोप पॉल सहावे यांनी सोप्या लॅटिन गीतांची एक छोटी पुस्तिका सगळ्या बिशपांना पाठवली होती. त्यातलं एखादं ‘सांक्तुस’ (लॅटिन ‘पवित्र, पवित्र’) प्रायश्चित्तकाळात घ्या. ज्येष्ठांना ते ओळखीचं वाटतं आणि मुलांना अगदी नवं.

मराठी मिस्सेसाठी इंग्रजी गाण्यांवर मराठी शब्द बसवू नका, अशी माझी कळकळीची विनंती आहे. ऱ्हस्व अक्षर लांबतं, दीर्घ चिरडतं, आणि म्हणणाऱ्याला आपलीच भाषा परकी वाटते. वसईच्या धर्मग्रामांमध्ये मराठी उपासनागीतांचा मोठा साठा आहे, तिथल्या नातेवाइकांकडून पुस्तकं मागवा. रेव्हरंड नारायण वामन टिळकांचे (१८६१–१९१९) शब्दही आता हक्कमुक्त आहेत. ते प्रॉटेस्टंट परंपरेतले असल्यामुळे मिस्सेत कुठे काय घ्यायचं ते फादरांशी बोलून ठरवा. अशा गाण्यांना शीट म्युझिकची गरज नाही, पेटी आणि तबला पुरतो.

आता फादर आणि ज्येष्ठ यांच्यामध्ये तुम्ही सापडला आहात, त्याबद्दल. खरेदीआधी यादी फादरांना दाखवा, गाण्याच्या नावापुढे मिस्सेतली जागा लिहून. ‘हे तरुणांसाठी’ असं लिहू नका, ‘हे कम्युनियनसाठी, सामान्यकाळात’ असं लिहा. तसं केलं की चर्चा आवडीनिवडीवरून कामाकडे वळते. ज्येष्ठांची जुनी प्रवेशगीतं आहेत तशीच ठेवा. लोक ती मोठ्याने गातात, आणि मिस्सेची सुरुवात सगळ्यांनी एकत्र गाऊन होणं याला पर्याय नाही. नवीन भर पहिल्या वर्षी कम्युनियन आणि निरोप या दोन जागी घाला. मुलांपैकी दोघांना निवडीच्या कामात बसवा: वरचा सूर, खालचा सूर, ताल आणि शब्द ही तपासणी त्यांनाच करू द्या. मग नाकारलेल्या गाण्याचं कारण त्यांनी स्वतः शोधलेलं असतं.

तुमच्या कीबोर्डवाल्याला स्टाफ वाचता येतो का आणि त्या तीन पुरुषांचे आवाज कुठवर खाली जातात, एवढं कळवलंत तर कोणत्या प्रकारचं मास सेटिंग पेलेल ते जास्त नेमकं सांगता येईल. आगमनकाळापर्यंत (नाताळआधीच्या चार आठवड्यांपर्यंत) ते बसवायचं असेल तर कागद नवरात्राच्या आधीच हातात यायला हवेत.